हप्ता तोच, कर्ज मात्र बेचाळीस वर्षांचं

एप्रिल २०२३ मध्ये आमच्या घरकर्जाचा ३०,७७२ रुपयांचा हप्ता खात्यातून गेला. त्यातले ३०,१६० रुपये व्याजात जमा झाले. मुद्दल कमी झालं ६१२ रुपयांनी. शिल्लक कर्ज साडेअडतीस लाख. दोन वर्षांत आमचा एकही हप्ता चुकला नव्हता, उशीरही झाला नव्हता. चोवीस हप्त्यांत मिळून ७ लाख ३८ हजार रुपये भरले होते आणि कर्ज उतरलं होतं जेमतेम दीड लाख.

त्या ६१२ रुपयांच्या आकड्याने मला हिशोबाला बसवलं. गृहकर्ज खऱ्या अर्थाने केवढ्याला पडतं हे मी त्यानंतरच्या काही आठवड्यांत समजून घेतलं, आणि ते असं सांगोपांग कुठे वाचायला मिळालं नव्हतं म्हणून इथे लिहिते आहे.

आधी पार्श्वभूमी. पुण्यातल्या वारज्यात आम्ही ५२ लाखांचा फ्लॅट घेतला तो मार्च २०२१ मध्ये. मुद्रांक शुल्कातली दोन टक्क्यांची सवलत ३१ मार्चला संपणार होती, त्यामुळे दुय्यम निबंधक कार्यालयात तोबा गर्दी होती. त्या सवलतीने आमचे एक लाख चार हजार वाचले. १२ लाख आमचे, ४० लाख बँकेचे, मुदत २० वर्षं, दर ६.९० टक्के. हा दर आला कुठून, तर तेव्हा रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे उसने देते तो दर, ४ टक्के होता आणि आमच्या मंजुरीपत्रात ‘रेपो अधिक २.९०’ असं लिहिलं होतं. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना तरत्या, म्हणजे बदलत जाणाऱ्या दराची नवी गृहकर्जं अशा बाहेरच्या दराला जोडावीच लागतात. आमच्या बँकेने रेपो निवडला होता. दर तीन महिन्यांनी आढावा. २.९० चा जो भाग, त्याला बँकेत स्प्रेड म्हणतात. तो रेपोबरोबर हलत नाही.

मंजुरीच्या वेळी आम्ही एकूण बेरीज केली होतीच. ३०,७७२ गुणिले २४० म्हणजे ७३ लाख ८५ हजार. चाळीस लाखांवर साधारण चौतीस लाख व्याज. माझ्या वडिलांनी १९९० च्या दशकात पंधरा-सोळा टक्क्यांनी कर्ज फेडलेलं, त्यांना ६.९० हा दर ऐकून आनंदच झाला होता.

मग ४ मे २०२२ ला रिझर्व्ह बँकेने रेपो वाढवला. पाठोपाठ जून, ऑगस्ट, सप्टेंबर, डिसेंबर आणि २०२३ चा फेब्रुवारी. सहा वाढी, एकूण अडीच टक्के, रेपो ४ वरून ६.५० वर. आमचा दर ६.९० वरून तिमाहीगणिक ७.८०, ८.८०, ९.१५ आणि शेवटी एप्रिल २०२३ ला ९.४० झाला. प्रत्येक वेळी बँकेचा एसएमएस यायचा, त्यात नवा दर असायचा आणि हप्त्याची रक्कम असायची: ३०,७७२. मुदतीबद्दल एक अक्षरही नसायचं.

हप्ता बदलला नाही याचा अर्थ काय होतो, हे खात्याच्या उताऱ्यात अगदी उघड दिसतं. उतारा म्हणजे पाच रकाने: तारीख, हप्ता, व्याज, मुद्दल, शिल्लक. महिन्याचं व्याज काढायची रीत एका ओळीची आहे. शिल्लक कर्जाला वार्षिक दराने गुणायचं आणि बाराने भागायचं. हप्त्यातून ते व्याज आधी वजा होतं, उरेल ते मुद्दलात जातं. पहिल्या महिन्यात ४० लाखांवर ६.९० ने २३,००० व्याज झालं होतं, म्हणून ७,७७२ रुपये मुद्दलात गेले. जुलै २०२२ मध्ये मुद्दलाला ५,५६१ उरले. ऑक्टोबरात २,४५२. जानेवारीत १,३८२. एप्रिलात ६१२. व्याजाचा रकाना फुगत गेला आणि मुद्दलाचा रकाना आटत गेला. बेरजेला मात्र दर महिन्याला तेच ३०,७७२, त्यामुळे घरखर्चाच्या वहीत काहीच वेगळं दिसत नव्हतं.

रविवारी मी लॅपटॉपवर एक्सेल उघडलं. त्यात ‘एनपीईआर’ नावाचं सूत्र आहे: दर, हप्ता आणि शिल्लक दिली की किती हप्ते उरलेत ते सांगतं. ९.४० टक्के भागिले १२, हप्ता ३०,७७२, शिल्लक ३८,५०,२२४. उत्तर आलं ५०२. मी आकडे पुन्हा तपासले, दराचा कंस नीट आहे का पाहिलं. ५०२ च. म्हणजे जवळजवळ बेचाळीस वर्षं. मूळ कर्ज मार्च २०४१ ला संपणार होतं, या चालीने ते जानेवारी २०६५ ला संपलं असतं. तेव्हा नवऱ्याने ऐंशी ओलांडलेली असेल.

यापेक्षाही अंगावर काटा आणणारी गोष्ट त्याच्या पुढच्या ओळीत होती. मी दर ९.६५ करून पाहिला, म्हणजे रेपोत आणखी फक्त पाव टक्का वाढ धरली. महिन्याचं व्याज आलं ३०,९६२. हप्ता ३०,७७२. म्हणजे हप्ता भरूनही कर्ज वाढलं असतं. ६ एप्रिल २०२३ च्या पतधोरणात रिझर्व्ह बँकेने दर तसाच ठेवला. बातम्यांत त्याचं वर्णन शेअर बाजाराला दिलासा असं होतं. आमच्यासारख्या, दर तळाला असताना कर्ज घेतलेल्या घरांना तो दिलासा किती अगदी काठावर मिळाला, हे मला त्या ओळीने दाखवलं.

शाखेत गेले तेव्हा कर्ज विभागातल्या मॅडमनी संगणकावर खातं उघडून पाहिलं आणि शांतपणे सांगितलं, “ताई, दर वाढला की सिस्टिम आधी मुदत वाढवते. हप्त्याला हात लावत नाही. सत्तर वर्षं वयाची मर्यादा ओलांडली जात असेल तर वार्षिक आढाव्यात हप्ता वाढवायचं पत्र निघतं.”

“पण मर्यादा तर ओलांडलीच आहे. मग पत्र येईपर्यंतच्या महिन्यांचं काय?”

“तोपर्यंत तुम्ही अर्ज देऊ शकता. हप्ता वाढवून घ्या, किंवा पार्ट पेमेंट करा, म्हणजे काही रक्कम एकदम भरा. कोणी विचारलं की आम्ही करून देतो.”

मॅडम चांगल्या होत्या, त्यांनी सगळं समजावून सांगितलं. माझा राग व्यवस्थेवर आहे. ज्या एसएमएसमध्ये दर आणि हप्ता लिहिता येतो त्यात ‘आता उरलेले हप्ते ५०२’ एवढे शब्दही मावतात. हा एक आकडा दिसला असता तर ऑक्टोबर २०२२ मध्येच हजारो घरांनी शाखा गाठली असती.

१८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने याबद्दल परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा; मुदत अशी वाढवायची नाही की हप्त्यातून महिन्याचं व्याजही भागणार नाही; आणि दर तिमाहीला वसूल झालेलं मुद्दल, वसूल झालेलं व्याज, हप्ता, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारं विवरण उपलब्ध करायचं. जुन्या कर्जांनाही हे ३१ डिसेंबर २०२३ पर्यंत लागू करायचं होतं. ते विवरण आता आमच्या ॲपमध्ये असतं. तुमचं कर्ज असेल तर त्यात ‘उरलेले हप्ते’ हा आकडा सगळ्यात आधी बघा.

आम्ही परिपत्रकाच्या आधीच अर्ज दिला होता. घरात बसून तीन वाटा मांडल्या. मूळ तारखेला, म्हणजे मार्च २०४१ ला कर्ज संपवायचं तर जुलैपासून हप्ता ३७,२०६ लागत होता. साडेसहा हजारांची वाढ. काहीच न करता ५०२ हप्ते भरले असते तर पुढे १ कोटी ५४ लाख गेले असते. हप्ता वाढवला तर ७९ लाखांच्या आसपास. अर्थात बँकेने कधीतरी हप्ता वाढवलाच असता, त्यामुळे हा पूर्ण फरक प्रत्यक्षात कधी पडला नसता. पण बँकेने तो वाढवायचा की आपण, आणि किती लवकर, यातसुद्धा लाखांचं अंतर आहे. नवऱ्याने वाहन बदलायचा विचार बाजूला ठेवला, माझी पाच हजारांची आवर्ती ठेव संपत आली होती ती पुन्हा सुरू केली नाही. ठेवीवर सात टक्के घ्यायचे आणि त्यावर कर भरायचा, इकडे कर्जावर ९.४० द्यायचे, हे गणितच बसत नव्हतं. हप्ता ३८,००० केला. मुदत २०२ महिन्यांवर आली, मूळ तारखेच्याही अकरा महिने अलीकडे.

पार्ट पेमेंटबद्दल थोडं सविस्तर, कारण लोक इथेच गोंधळतात. तरत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरले तर बँकेला दंड लावता येत नाही, २०१२ पासून. दिवाळीच्या बोनसमधून आम्ही एक लाख भरायला गेलो तेव्हा अर्जावर दोन चौकोन होते: ‘हप्ता कमी करा’ आणि ‘मुदत कमी करा’. रक्कम एकच, पण दोन चौकोनांची किंमत फार वेगळी. जुलै २०२३ ची शिल्लक धरून मी दोन्ही करून पाहिलं. मूळ मुदत ठेवून हप्ता कमी केला तर महिन्याला ९६७ रुपये सुटतात, सगळ्या मुदतीत मिळून दोन लाख सहा हजार. हप्ता ३८,००० तसाच ठेवून मुदत कमी केली तर शेपटाकडचे बारा हप्ते गळतात, म्हणजे साडेचार लाखांहून जास्त. ज्यांची महिन्याची ओढाताण आहे त्यांनी हप्ता कमी करून घ्यावा, त्यात काही गैर नाही. आम्हाला जमण्यासारखं होतं, आम्ही दुसऱ्या चौकोनात खूण केली.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे मांडायला हवी. ‘चाळीस लाखांचे ऐंशी लाख झाले’ अशी बेरीज व्हॉट्सॲपवर फिरते आणि माणसं घाबरतात. ती बेरीज बरोबर असली तरी अपुरी आहे. दहा वर्षांनी भरायचे ३८ हजार आणि आजचे ३८ हजार एकाच मोलाचे नाहीत. पगार वाढतात, महागाई वाढते, हप्ता तिथेच राहतो. दुसरं म्हणजे आम्ही घर घेतलं नसतं तर भाडं भरलंच असतं. २०२१ मध्ये याच सोसायटीत सोळा हजार भाडं होतं आणि ते दर अकरा महिन्यांच्या करारागणिक वाढत गेलं असतं. म्हणून मी माझ्या तक्त्यात भाड्याचाही रकाना ठेवला. त्याच्या समोर दुसरे रकानेही प्रामाणिकपणे भरले: सोसायटीचा मेंटेनन्स, महापालिकेचा मिळकतकर, नोंदणीचे तीस हजार, मुद्रांक शुल्क, गहाणखताचा खर्च, प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, मूल्यांकन. बँक कर्ज देते ते घराच्या किमतीवर. मुद्रांक आणि नोंदणीचे पैसे खिशातूनच जातात. एवढं सगळं धरूनही घर घेतल्याचा मला आनंद आहे. फक्त त्याची किंमत ५२ लाख नाही, हे आता मला नेमकं ठाऊक आहे.

विम्याचा विषय यात वेगळा काढावा लागेल. कर्ज मंजूर होताना कर्जसंरक्षण विमा घ्या म्हणून आग्रह झाला होता, एकरकमी हप्ता १ लाख २० हजार, “कर्जातच घालू, खिशातून काही जाणार नाही.” खिशातून जात नाही ते खरं, पण ते वीस वर्षं व्याजासह जातं: महिन्याला ९२३ रुपये, एकूण २ लाख २१ हजार, तेही दर ६.९० वरच राहिला असता तर. कर्जासाठी बँकेकडूनच विमा घेण्याची सक्ती नाही. नवऱ्याने स्वतंत्र टर्म पॉलिसी घेतली. कमावत्या माणसाचा विमा हवाच, पण तो कर्जात कालवलेला नको, असं माझं ठाम मत झालं आहे.

आणि करसवलत. ‘होम लोन आहे ना, मग टॅक्स वाचत असेल’ हे वाक्य शाळेच्या स्टाफरूममध्ये मी नेहमी ऐकते. २०२३-२४ मध्ये आमचं व्याज साडेतीन लाखांच्या आसपास गेलं. राहत्या घरासाठी जुन्या करप्रणालीत वजावट मिळते ती २ लाखांपर्यंत. नवरा २० टक्क्यांच्या टप्प्यात, म्हणून उपकर धरून ४१,६०० रुपये वाचले. मुद्दलाची वजावट तेव्हा ८०सी कलमात बसायची, पण त्याचे दीड लाख प्रॉव्हिडंट फंड आणि मुलीच्या फीनेच भरायचे. मी सहकर्जदार आहे, पण मी नव्या करप्रणालीत, आणि तिथे राहत्या घराच्या व्याजाला वजावटच नाही. साडेतीन लाख व्याज देऊन एक्केचाळीस हजार वाचवणं हे कर्ज चालू ठेवायचं कारण होऊ शकत नाही. मुदतीआधी पैसे भरू नका, सवलत जाईल, असा सल्ला देणाऱ्यांना मी हाच हिशोब दाखवते.

२०२५ मध्ये वारं फिरलं. फेब्रुवारी, एप्रिल, जून असा रेपो उतरत ५.५० वर आला. आमचा दर ८.४० झाला. हप्ता कमी करायचा का, असं नवऱ्याने विचारलं. तो तसाच ठेवला, म्हणजे उतरलेला प्रत्येक पाव टक्का थेट मुद्दलात जातो. पण तेव्हाच माझ्या लक्षात एक वेगळीच गोष्ट आली. त्याच बँकेच्या दाराशी नव्या ग्राहकांसाठी लावलेल्या फलकावर ७.५० टक्के लिहिलेलं होतं. रेपो दोघांनाही ५.५०. फरक स्प्रेडचा: त्यांना २ टक्के, आम्हाला २.९०. जुना ग्राहक जागचा हलत नाही, म्हणून त्याला जुनाच स्प्रेड. दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायची चौकशी केली, तिथलं प्रस्तावाचं पत्र घेतलं आणि आमच्या शाखेत अर्जाला जोडलं. त्यांनी स्प्रेड २.४० केला, शुल्क कराशिवाय पाच हजार. चौतीस लाखांवर अर्धा टक्का म्हणजे वर्षाला सतरा हजार. एवढी रक्कम मागितल्याशिवाय कोणी आपणहून सोडत नाही. कर्ज दुसरीकडे हलवायचं असेल तर प्रोसेसिंग फी, वकील आणि नव्या गहाणखताचा खर्च त्यातून वजा करून बघा. मुदत थोडी उरली असेल तर फायदा पुसला जातो. डिसेंबर २०२५ मध्ये रेपो ५.२५ झाला, म्हणजे आमचा दर ७.६५.

हे सगळं धाकट्या भावाच्या उपयोगी पडलं. तो नाशिकला ३५ लाखांचं कर्ज घेत होता, ७.५० टक्क्यांनी. ऑक्टोबर २०२४ पासून नव्या कर्जाबरोबर मुख्य तथ्यांचं एक विवरण द्यावं लागतं, बँकेत त्याला केएफएस म्हणतात. त्यात एपीआर नावाचा एक दर असतो, सगळे आकार धरून निघालेला. त्याच्या कागदावर दर ७.५० आणि एपीआर ७.९०. मी फोनवर विचारलं, “अरे, हे वरचे चाळीस पैसे कसले?” उत्तर शोधायला त्याला पुढचं पान उलटावं लागलं: ८४ हजारांचा विमा आणि वीस हजारांची फी व इतर खर्च. विमा काढून टाकल्यावर एपीआर ७.६० च्या खाली आला.

मुदतीवरून आमचं बरंच बोलणं झालं. बँक २५ वर्षं सुचवत होती, हप्ता २५,८६५. वीस वर्षांना २८,१९६. महिन्याला तेवीसशेचा फरक, शेवटी मात्र जवळजवळ दहा लाखांचा. वहिनींनी दोन महिन्यांचा घरखर्च कागदावर मांडला आणि वीस वर्षं ठरवली. मंजुरीपत्रावर सही करताना त्याने शाखेत एक लेखी अर्जही दिला: दर वाढल्यास मुदत तीच ठेवून हप्ता वाढवावा. अर्जाच्या प्रतीवर पोच घेतली आणि ती करारनाम्याच्या फाइलमध्ये लावली. आता टर्म पॉलिसीसाठीची वैद्यकीय तपासणी तेवढी राहिली आहे, ती सोमवारी आहे.